‘मॅन ऑफ ॲरन’ : दाखवलेले आणि गाळलेले

दिग्दर्शक आणि छायालेखक रॉबर्ट फ्लाहर्टी यांचा ‘मॅन ऑफ ॲरन’ (१९३४) हा माहितीपट आयर्लंडच्या पश्चिमेकडील ॲरन बेटांपैकी इनिश मोरवर चित्रित झाला. माहितीपट सत्याशी कितपत बांधील असावा, हा प्रश्न त्याच्याइतक्या ठळकपणे फार थोड्या चित्रपटांनी उभा केला आहे.

पडद्यावरचे कुटुंब रचलेले आहे. कोलमन किंग, मॅगी डिरेन आणि मायकेल डिलेन बेटावरचेच, पण ते खरे पती, पत्नी आणि मुलगा नव्हते. दिव्याच्या तेलासाठी होणारी बास्किंग शार्कची शिकारही कित्येक दशकांपूर्वी थांबली होती; चित्रीकरणासाठी बेटकऱ्यांना ती नव्याने शिकावी लागली. ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ (१९२२) मध्येही फ्लाहर्टींनी वॉलरसची शिकार बंदुकीविना, जुन्या रीतीने करवून घेतली होती.

एवढ्याने चित्रपट खोटा ठरत नाही. उघड्या चुनखडकावर समुद्रशेवाळ आणि वाळू पसरून बटाट्यापुरती माती करणारी माणसे ॲरनवर खरोखर होती. ते कष्ट पाहताना पात्रांचे आपसातले नाते गौण वाटते. उसळत्या लाटांत होडी हाकणाऱ्यांचा धोका मात्र अभिनयाचा नव्हता, आणि कलेसाठी दुसऱ्याचा जीव पणाला लावण्याचे समर्थन कोणत्याही सौंदर्याने होत नाही.

त्याहून गंभीर आहे ते गाळणे. परंपरेनुसार संत एंडा यांनी पाचव्या शतकाच्या अखेरीस इनिश मोरवर मठ स्थापला. जुन्या प्रार्थनामंदिरांचे अवशेष बेटावर आजही आहेत. १९३० च्या दशकातील बेटकरी श्रद्धाळू कॅथलिक होते. चित्रपटात मात्र त्यांच्या धर्मजीवनाला जागा नाही, जमीनदारीच्या इतिहासालाही नाही. उरतो माणूस आणि समुद्र. हे तत्त्वज्ञान फ्लाहर्टींचे होते. समुद्रात जाणारा माणूस ज्या प्रार्थनेच्या बळावर जातो तीच वगळली, की त्याचे धैर्य त्याच्या एकट्याचे भासू लागते. लोप पावलेली शिकार पुन्हा घडवताना निदान पूर्वजांचे जगणे दिसते. चालू श्रद्धा गाळली की जगणाऱ्यांनी आपल्या आयुष्याला दिलेला अर्थच बदलतो.

‘मॅन ऑफ ॲरन’च्याच कलाकारांना घेऊन फ्लाहर्टींनी लंडनमध्ये ‘इही हॅनखश’ (१९३५) हा आयरिश भाषेतला लघुपट केला. त्यात चुलीपाशी बसून कथा सांगणारा आणि ती ऐकणारे आहेत. दीर्घकाळ हरवलेली त्याची प्रत २०१२ मध्ये हार्वर्डच्या संग्रहात सापडली. त्याआधीच, १९७८ मध्ये, जॉर्ज स्टोनी यांनी ‘हाऊ द मिथ वॉज मेड’ या माहितीपटासाठी बेटावर जाऊन ‘मॅन ऑफ ॲरन’च्या चित्रीकरणात भाग घेतलेल्यांना बोलते केले आणि चित्रपटाने काय वगळले याची चर्चा पडद्यावर आणली.