बंडखोराच्या घरची माणसं

१८६३ च्या हिवाळ्यात पीटर्सबर्गमध्ये कवी नेक्रासोव यांच्याकडून एका कादंबरीचं हस्तलिखित रस्त्यात पडलं. लेखक निकोलाय चेर्निशेव्स्की तेव्हा पीटर-पॉल किल्ल्यात राजकीय कैदी होता आणि कोठडीतच त्यानं ती लिहिली होती. नेक्रासोव ज्या मासिकाचे संपादक होते, त्यात ती क्रमशः छापायची होती. त्यांनी घाबरून शहर पोलिसांच्या वर्तमानपत्रात जाहिरात दिली, बक्षीस लावलं, आणि एका गरीब कारकुनानं ते बाड आणून दिलं. ज्या पुस्तकानं पुढं रशियातल्या दोन पिढ्या बिघडवल्या, ते शोधून द्यायला झारच्या पोलिसांचंच पत्र उपयोगी पडलं. सेन्सॉरनंही कादंबरी अडवली नाही. चौकशी करणाऱ्यांच्या हातून ती आधी गेलेली आहे, म्हणजे ठीकच असणार, असा सरकारी हिशेब. कादंबरीचं नाव ‘काय करावं?’.

वाङ्मय म्हणून ती कंटाळवाणी आहे. पात्रं गप्पा मारायला बसतात आणि व्याख्यानं देऊन उठतात. कथा मुख्यतः वेरा पाव्लोव्ना या मुलीची. आईच्या जाचातून सुटून ती लग्न करते, शिवणकामाची सहकारी संस्था काढते. राखमेतोव नावाचा कडवा क्रांतिकारक येतो तो मध्येच, थोडी पानं व्यापतो आणि निघून जातो. तो कच्चं मांस खातो, खिळ्यांवर झोपून शरीराची परीक्षा घेतो. त्याचं कथेत काही काम नाही, इतरांची उंची मोजायला तो आणला आहे, असं निवेदक स्वतःच कबूल करतो. रशियन तरुण मात्र वेराला विसरले आणि राखमेतोव व्हायला निघाले. लेनिननं १९०२ मध्ये आपल्या पुस्तिकेला याच कादंबरीचं नाव दिलं.

एवढ्या रुक्ष लेखकालाही एक गोष्ट बरोबर कळली होती, असं मला वाटतं. पूर्ण वेळचा क्रांतिकारक कादंबरीच्या मधोमध बसवता येत नाही. त्याचं सगळं ठरलेलं असतं. घर सोडायचं, लग्न करायचं नाही, पकडले गेलो तर तोंड उघडायचं नाही, हे निर्णय पहिल्या पानाच्या आधीच होऊन गेलेले असतात. कादंबरीला मात्र ज्याचं अजून ठरत नाही असा माणूस लागतो. म्हणून बंडखोरांवरच्या ज्या कादंबऱ्या टिकल्या, त्या बहुतेक दुसऱ्याच कुणाच्या तरी आहेत: आईच्या, जेलरच्या, फितुराच्या, शेजाऱ्याच्या.

दस्तयेव्स्कीचंच पाहा. नोव्हेंबर १८६९ मध्ये मॉस्कोच्या कृषी अकादमीतल्या इवानोव नावाच्या विद्यार्थ्याला नेचायेव आणि त्याच्या साथीदारांनी ठार केलं आणि प्रेत गोठलेल्या तळ्यात टाकलं. इवानोव त्यांच्याच गटातला. नेचायेवच्या हुकुमावर त्यानं शंका घेतली, हा गुन्हा. दस्तयेव्स्की तेव्हा ड्रेस्डेनला होता आणि त्याच्या बायकोचा भाऊ त्याच अकादमीत शिकत होता. या खुनातून ‘डेमन्स’ निघाली. ही क्रांतिकारकांची निंदा करणारी कादंबरी म्हणून डाव्यांनी तिला पुष्कळ शिव्या घातल्या, आणि त्यात तथ्य आहे. पण लिहिणारा स्वतः १८४९ मध्ये राजद्रोहाच्या आरोपाखाली वधस्तंभापर्यंत जाऊन आलेला होता. शेवटच्या क्षणी शिक्षा बदलली आणि चार वर्षं सायबेरियात सक्तमजुरी झाली. तरीही त्यानं निवेदक कोण निवडला? गावातला एक चौकस, थोडा भित्रा, सगळ्यांच्या घरी ये-जा असणारा इसम. या माणसाला कटातलं अर्धंच कळतं. उरलेलं तो ऐकीव माहितीवर जोडतो. राजकीय हिंसा सामान्य माणसापर्यंत अशीच पोचते, अफवांच्या रूपानं. दस्तयेव्स्कीची राजकीय मतं मला पटत नाहीत, पण या निवडीला तोड नाही.

गॉर्कीची ‘आई’ १९०६ ची. तिच्यावर प्रचारकी म्हणून शिक्का बसला आहे आणि तिच्यातला मुलगा पावेल खरोखरच पुतळ्यासारखा आहे. पण निलोव्ना, ती नवऱ्याच्या माराखाली वाकलेली बाई! ती उतारवयात अक्षरं शिकते, जेवण विकायच्या निमित्तानं कारखान्यात पत्रकं नेते, आणि भीती वाटत असताना ते करते. पावेलला भीती वाटत नाही, म्हणून तो आठवत नाही.

बंगालीत याच रचनेची दोन टोकं सापडतात आणि दोन्ही मराठी वाचकाला पूर्वीपासून ठाऊक आहेत. शरच्चंद्रांचं ‘पथेर दाबी’ १९२६ मध्ये पुस्तकरूपानं आलं आणि १९२७ मध्ये सरकारनं त्यावर बंदी घातली. ती उठायला १९३९ उजाडलं. कथा रंगूनमध्ये घडते. डॉक्टर सव्यसाची हा गुप्त संघटनेचा सूत्रधार, वेषांतरात वाकबगार. पोलीस ठाण्यात तो भडक कपडे घालून, खिशात गांजाची चिलीम बाळगून येतो आणि त्याच्याच शोधात असलेले अधिकारी त्याला हसून सोडून देतात. वाचक सव्यसाचीवर फिदा होतो, आणि शरच्चंद्रांनाही तेच हवं होतं. पण कादंबरी चालते ती अपूर्व नावाच्या तरुणामुळं. तो शिकलेला, सोवळं पाळणारा, आईचा लाडका ब्राह्मण पोरगा. देशावर त्याचं प्रेम आहे आणि नोकरीवरही आहे. शेवटी तो पोलिसांना माहिती देतो. संघटना त्याला मृत्युदंड ठरवते आणि सव्यसाची त्याला वाचवतो. वसाहतीतला सुशिक्षित मध्यमवर्ग म्हणजे अपूर्व. त्याला क्रांतीचं आकर्षण आहे, पण किंमत सांगितली की त्याचे पाय लटपटतात. आपल्यातले बहुतेक जण त्याच जातीचे आहेत.

बंदी आली तेव्हा शरच्चंद्रांची अपेक्षा होती की रवींद्रनाथ निषेध करतील. रवींद्रनाथांनी उलट लिहिलं, की हे पुस्तक वाचकाच्या मनात इंग्रज राजवटीविषयी अप्रीती निर्माण करतं. सत्तेवर असा घाव घालायचा तर तिची प्रतिक्रियाही सोसायची तयारी हवी, आणि इतर कोणत्याही राजवटीनं इतकंही सहन केलं नसतं. शरच्चंद्र फार दुखावले. मला यात दोघंही आपापल्या जागी खरे वाटतात. रवींद्रनाथांनी ‘घरे बाइरे’मध्ये संदीप या स्वदेशी पुढाऱ्याला स्वतःच्या तोंडून बोलू दिलं होतं, आणि बोलता बोलता तो लहान होत जातो. पुढाऱ्याला बोलू द्यावं आणि वाचकानं सावध व्हावं, ही त्यांची रीत. शरच्चंद्रांना वाचकानं सावध व्हायला नको होतं. त्यांना त्याला पेटवायचं होतं.

दुसरं टोक महाश्वेतादेवींचं, ‘हजार चुराशीर मा’, १९७४. इथं बंडखोर कादंबरी सुरू होण्याआधीच मेलेला आहे. व्रती चॅटर्जी हा कलकत्त्यातल्या सधन घरातला मुलगा, शवागारात नंबर १०८४. बापानं ओळखी लावून त्याचं नाव वर्तमानपत्रात येऊ दिलं नाही. आई सुजाता बँकेत नोकरी करते. कादंबरी तिच्या एका दिवसाची, सकाळपासून रात्रीपर्यंतची. त्याच दिवशी घरात मुलीच्या वाङ्निश्चयाची पार्टी आहे. मुलगा नक्षलवादी का झाला हे तिला माहीत नाही, आणि ते शोधायला ती त्याच्याबरोबर मारल्या गेलेल्या गरीब मित्राच्या आईकडं जाते, त्याच्या मैत्रिणीकडं जाते. नक्षलवादी चळवळीचे नेते चारू मजुमदार यांच्या प्रबंधांपेक्षा त्या काळाविषयी जास्त काही या छोट्या पुस्तकात कळतं, असं म्हटलं तर अतिशयोक्ती होईल, पण थोडीच. गोविंद निहलानींनी १९९८ मध्ये त्यावर हिंदी चित्रपट केला. तो चांगला आहे, तरी पुस्तकातली घुसमट त्यात पुरती येत नाही.

आता आपल्याकडं. माडखोलकरांची ‘मुक्तात्मा’ १९३३ ची, खांडेकरांची ‘क्रौंचवध’ १९४२ ची. राजकीय कादंबरी म्हणून त्यांचा मान मोठा, आणि त्या काळच्या कॉलेजातल्या मुलामुलींनी त्या छातीशी धरून वाचल्या. पण दोघांच्याही नायकाला देश आणि प्रेयसी यांच्यामध्ये उभं केलेलं असतं आणि लेखकाचं सगळं लक्ष त्याच्या त्यागाच्या शोभेवर असतं. खांडेकरांचा ध्येयवादी तरुण इतका सुंदर बोलतो की त्याच्याशी भांडावंसं कुणाला वाटत नाही. त्याला तुरुंगात टाकणारी माणसंही धूसर राहतात.

याच खांडेकरांनी १९५९ च्या ‘फकिरा’ला प्रस्तावना लिहिली, हे त्यांच्या मनाचं मोठेपण. कारण तिचे लेखक अण्णा भाऊ साठे यांनी खांडेकरांच्या वाटेनं एक पाऊलही टाकलं नव्हतं. बंडखोर मधोमध बसत नाही, या माझ्या म्हणण्याला फकिरा हा सरळ अपवाद आहे. तो मधोमध आहे आणि कादंबरी कुठं ढासळत नाही. याचं कारण त्याला मताचा प्रश्नच पडत नाही. दुष्काळात मांगवाडा उपाशी मरतोय, सरकार मांगांवर हजेरी लादतंय, तेव्हा धान्य लुटायचं की नाही याची चर्चा करायला तो बसत नाही. बाप राणोजी गावच्या जत्रेतल्या जोगिणीच्या मानापायी मारला गेला, ती गावाची रीत त्याच्या रक्तात आहे. आणि शेवटी त्याच्या माणसांना डांबून ठेवलं जातं तेव्हा तो स्वतः होऊन हजर होतो. तोवर अजिंक्य असलेल्या माणसाला वाडीची ओढ सोडवत नाही. घरची माणसं इथंही आलीच, फक्त बंडखोर त्यांच्यापासून वेगळा झालेला नाही. मध्यमवर्गीय क्रांतिकारक आधी घर सोडतो आणि मग जनतेकडं जातो. फकिराला असं कुठं जायचंच नव्हतं.

सत्तरच्या दशकात अनिल बर्वे यांनी ‘थँक यू मिस्टर ग्लाड’ लिहिली. फाशीची शिक्षा झालेला नक्षलवादी डॉक्टर वीरभूषण पटनाईक आणि आंध्रातल्या तुरुंगाचा शिस्तखोर जेलर ग्लाड. नाव वाचून नक्षलवादी नेते नागभूषण पटनाईक यांची आठवण होते, आणि ती व्हावी अशीच योजना दिसते. जेलरच्या मुलीच्या अडलेल्या बाळंतपणात कैद्यालाच डॉक्टर म्हणून बोलवावं लागतं. प्रसंग नाटकी आहे, आणि पुढं त्याचं नाटक झालंच. पण मराठीत सत्तेच्या बाजूच्या माणसाला बंडखोराइतकीच जागा देणारं दुसरं पुस्तक मला चटकन आठवत नाही. बर्वे १९८४ मध्ये अकाली गेले.

भाऊ पाध्ये पूर्वी कामगार चळवळीत होते. त्यांच्या ‘डोंबाऱ्याचा खेळ’मध्ये चळवळ आतून दिसते, तिच्यातल्या हेव्यादाव्यांसकट. वाचकांनी मात्र पाध्यांना ‘वासूनाका’साठी लक्षात ठेवलं. अरुण साधूंच्या कादंबऱ्यांत कामगार पुढारी डिकास्टा आहे आणि ते सगळं पाहणारा पत्रकार दिगू टिपणीस आहे. त्यांवरच्या ‘सिंहासन’ चित्रपटात निळू फुल्यांनी दिगू केला, आणि लोकांना तोच आठवतो, मुख्यमंत्री नाही.

याउलट चळवळीतल्या माणसांच्या आठवणी मराठीत भरभक्कम आहेत. गोदावरी परुळेकरांचं ‘जेव्हा माणूस जागा होतो’ वाचावं. डहाणू-तलासरीकडची वेठबिगारी, लग्नाच्या कर्जापायी राबणारे लग्नगडी, १९४५ चा वारल्यांचा उठाव. प्रभाकर ऊर्ध्वरेषे यांचं ‘हरवलेले दिवस’ वाचावं. कम्युनिस्ट पक्षावर जीव लावलेल्या माणसाच्या मनात शंका कशी शिरते, हे इतक्या सच्चेपणानं कादंबरीत क्वचितच आलं आहे. कादंबरीकारानं करायचं काम आपल्याकडं कार्यकर्त्यांनी केलं, असं म्हणावं लागतं.

सरकारलाही हे कळलेलं दिसतं. विनय हर्डीकर यांच्या आणीबाणीवरच्या ‘जनांचा प्रवाहो चालिला’ला जाहीर झालेला राज्य पुरस्कार १९८१ मध्ये मागे घेतला गेला. डिसेंबर २०२२ मध्ये कोबाड गांधी यांच्या ‘फ्रॅक्चर्ड फ्रीडम’ या तुरुंगातल्या आठवणींच्या अनघा लेले यांनी केलेल्या मराठी अनुवादाचा पुरस्कार जाहीर होऊन काही दिवसांतच रद्द झाला. दोन्ही पुस्तकं अनुभवकथनाची. १९२७ मध्ये सत्तेला एका कादंबरीची भीती वाटली होती. मराठी कादंबरीची तशी भीती अलीकडं कुणाला वाटल्याचं ऐकिवात नाही.

कादंबरीला विषय नाहीत असं नाही. १८ जानेवारी १९८२ ला मुंबईच्या गिरण्यांतल्या सुमारे अडीच लाख कामगारांनी दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली संप पुकारला. तो रीतसर मागे घेतलाच गेला नाही. सामंत मोठे की चुकलेले, यावर चाळीस वर्षं वाद चालू आहेत. त्या काळात घर चालवलेल्या बाईची कहाणी जयंत पवारांनी ‘अधांतर’ नाटकात मांडली. त्याच्या तोडीची कादंबरी अजून यायची आहे. दलित पँथर १९७२ ची, मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराची लढाई १९७८ ते १९९४ अशी सोळा वर्षांची. त्यांतल्या पुढाऱ्यांवर, कवींवर पुष्कळ लिहून झालं. रात्री उशिरा येणाऱ्या मुलासाठी दार उघडं ठेवणारी आई, साध्या कपड्यात घरी येऊन चौकशी करणारा हवालदार, मोर्च्यातून अर्ध्यावर परत फिरलेला मित्र, यांच्यापैकी काही माणसं अजून हयात आहेत. नव्या लेखकांनी पुढाऱ्यांच्या मुलाखती आता पुरे कराव्यात आणि आधी या माणसांकडं जावं.