करुणेची हद्द

बार्तोलोमे दे लास कासास या स्पॅनिश पाद्र्याविषयी आम्हाला आदर आहे. क्यूबात वेठीसाठी मिळालेली मूळ रहिवासी माणसे त्याने १५१४ मध्ये सोडून दिली. अमेरिकेत आपल्याच लोकांनी केलेल्या कत्तलींची हकीकत त्याने १५५२ मध्ये स्पॅनिशमध्ये छापली.

पण याच माणसाने १५१६ मध्ये सुचवले होते, की मूळ रहिवाशांना वाचवायचे तर कामाला काळे गुलाम आणावेत. इथे आम्ही अडखळतो. एकाच्या मानेवरचे जू काढून दुसऱ्याच्या मानेवर ठेवायचे, ही कसली करुणा? (आपणही आधी आपल्याच माणसांचे अश्रू मोजतो, हे कबूल.)

पुढे त्याला चूक उमगली. काळ्यांची गुलामीही तितकीच अन्यायाची, आणि आपले अज्ञान देवाच्या दरबारी माफ होईलच असे नाही, असे त्याने आपल्या ‘इंडीजचा इतिहास’ या ग्रंथात लिहिले. मात्र चाळीस वर्षे तो छापू नये, असेही सांगून ठेवले. सल्ला दरबारात पोचला होता. पश्चात्ताप हस्तलिखितात राहिला. दोन्हींचे वजन सारखे कसे मानावे? ग्रंथ छापला गेला १८७५ मध्ये. क्यूबात तेव्हाही गुलामी होती. ती १८८६ मध्ये संपली.