हात विटाळतो काय?



गेल्या श्रावणात सीमाभागातील एका खेड्यातून एक माता मठात आली. गाव-नाव सांगण्याचे कारण नाही. लिहितो ते तिच्या व तिच्या पुत्राच्या अनुमतीने. उसाच्या पाण्याच्या पाळीवरून शेजारच्या शेतकऱ्याशी तंटा झाला. तो कोयता घेऊन धावून आला, मुलाच्या हाती फावडे होते. शेजारी जागीच गेला. खुनाचा खटला चालला आणि न्यायालयाने स्वसंरक्षणाचा बचाव मान्य करून मुलाला निर्दोष सोडले. पाहुण्यांनी पेढे वाटले. पण घरी आल्या दिवसापासून मुलगा इष्टलिंग तळहातावर घेईना. माता म्हणाली, "हात विटाळलाय म्हणतो, अप्पाजी. कोर्टानं सोडलं, पण ह्योच सुटंना."

हा प्रश्न एकट्या त्या मुलाचा नाही, म्हणून आज आपल्यापुढे ठेवतो.

प्रथम कायदा काय म्हणतो ते पाहू. १ जुलै २०२४ पासून १८६० च्या भारतीय दंड संहितेची जागा भारतीय न्याय संहितेने घेतली. कलमांचे क्रमांक बदलले. ९६ ते १०६ होती ती ३४ ते ४४ झाली, गाभा मात्र तोच राहिला. आपला किंवा दुसऱ्याचा देह वाचविण्याचा हक्क प्रत्येकास आहे, आणि मृत्यूचे किंवा जबर दुखापतीचे रास्त भय असेल तर हा हक्क हल्लेखोराचा प्राण घेण्यापर्यंत जातो. परंतु त्याला कुंपण आहे. सरकारी यंत्रणेकडे धाव घेण्यास अवधी असेल तर हा हक्क नाही. बचावाला लागेल त्याहून अधिक इजा करण्याचीही मुभा नाही. भय उत्पन्न होताच हक्क सुरू होतो व भय सरताच संपतो. सद्भावाने बचाव करताना, सूडाचा हेतू नसताना, मर्यादा ओलांडली गेली तर तो खून न ठरता सदोष मनुष्यवध ठरतो. शिक्षा आहेच, पण खुनाची नव्हे.

आम्ही पाठशाळेत मनुस्मृती वाचली. आततायी गुरू असो, बालक असो, वृद्ध असो वा बहुश्रुत ब्राह्मण असो, विचार न करता त्याला मारावे, असे तेथे सांगितले आहे. आजचा कायदा विचार करावयास लावतो, हे मला अधिक धर्म्य वाटते. तरीही तो निष्ठुर नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली दर्शनसिंग विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात सांगितले की, जिवावर बेतलेल्या माणसाकडून पायरीपायरीने मोजून-मापून प्रतिकार करण्याची अपेक्षा धरता येत नाही. हे योग्यच आहे. अंगावर कोयता आला असता तराजू कोण धरणार?

मग शरणधर्म याहून निराळे काय विचारतो? बसवण्णांच्या सर्वपरिचित वचनात सात निषेध आहेत. आपण ते लहानपणी पाठ केले, म्हणूनच कदाचित नीट ऐकले नाहीत. हिंसेचा निषेध त्यात आहे. असत्याचा आणि क्रोधाचाही त्याच मालिकेत, त्याच तोलाने आहे. यालाच बसवण्णा अंतरंगशुद्धी आणि बहिरंगशुद्धी म्हणतात. न्यायालय घाव पाहते, घावापूर्वीचे भय पाहते. भय ओसरल्यावर हातात जे उरते, तो क्रोध. आणि साक्षीच्या पिंजऱ्यात उभे राहिल्यावर तिसरा निषेध समोर येतो. मृताच्या हाती शस्त्र नसताना "कोयता होता" असे पढविणारे शहाणे प्रत्येक गावात असतात. असा बचाव खटला जिंकून देईल. त्याने मेलेल्या माणसाला दुसऱ्यांदा मारले जाते.

आपल्या परंपरेतही या दोन्ही वाटा आहेत. कल्याणात हरळय्या आणि मधुवय्या यांना देहदंड झाल्यावर शरण विखुरले. वचनांचे गठ्ठे घेऊन उळवीकडे निघालेल्यांच्या पाठीशी मडिवाळ माचिदेव शस्त्र घेऊन उभे राहिले, असे परंपरा सांगते. ते संरक्षण होय. पाठलाग चालू होता. जगदेवाने बिज्जळाचा वध केला, अशीही कथा आहे. इतिहासकारांत त्याविषयी एकमत नाही. पण कथा खरी मानली तर तिला संरक्षण म्हणता येत नाही. ज्यांना वाचवावयाचे ते आधीच गेले होते. आमच्या कीर्तनांतून या दोन्ही प्रसंगांना सारख्याच टाळ्या पडतात, आणि मला ते खुपते.

मी मुलाला बोलावून घेतले. कोयता खरोखर होता काय, एवढेच विचारले. "होता," तो म्हणाला. मग पुष्कळ वेळ गप्प राहून म्हणाला, "अप्पाजी, मी दोनदा मारलं. दुसऱ्यांदा मारलं तेव्हा तो पडला होता की पडत होता, हे मला आजही ठरवता येईना."

न्यायालयाने या संशयाचा फायदा त्याला दिला, आणि न्यायालयाने तेच करावयास हवे. मी त्याला द्यावा काय? रात्रभर विचार केला. तो पापी आहे असे म्हणण्याइतके मला ठाऊक नव्हते, आणि काही झालेच नाही असे म्हणणे खोटे होते.

सकाळी त्याला म्हटले, लिंगधारीला सूतक नाही. जननाचे नाही, मरणाचे नाही. हात विटाळला म्हणून लिंग दूर ठेवणे ही आपली रीत नव्हे. ज्या हाताने फावडे धरले त्याच हातावर घे, आणि तो प्रश्नही तिथेच घेऊन बस. त्याने घेतले. हात थरथरत होता.

दुसरी गोष्ट त्याला जड गेली. मृताच्या घरी त्याची पत्नी आहे, दोन लहान लेकरे आहेत, ऊसही तसाच उभा आहे. मी सांगितले, ज्या पाळीवरून हे घडले ती पाळी आधी त्यांना दे, तुझे शेत मागाहून भिजव. तो म्हणाला, "त्या घेतील का?" मी म्हणालो, ते त्यांनी ठरवायचे.

मागच्या अमावास्येला त्याची आई दर्शनास आली होती. मुलगा रोज पूजेस बसतो. पाळीच्या दिवशी आपल्या बाजूचा पाट बंद करून तो बांधावर उभा असतो. त्या घरातून दारे धरावयास अजून कोणी आलेले नाही.