भावाचा हात धरताना

भाऊबंद म्हणजे आपली माणसे, रक्ताच्या नात्यातली माणसे. पण त्यावरून झालेल्या 'भाऊबंदकी' या शब्दात मराठीने जिव्हाळा फारसा ठेवलेला नाही. बांधावरून, वाटणीवरून सुरू होऊन कोर्टाच्या पायऱ्या चढणारे भांडण, असाच त्याचा अर्थ आपण घेतो. उर्दूतला 'बिरादरी' हा शब्दही 'बिरादर' म्हणजे भाऊ यावरूनच आला आहे. आज तो आधारासाठी कमी आणि धाकासाठी जास्त उच्चारला जातो. 'बिरादरी काय म्हणेल?' हे वाक्य आपण सर्वांनीच घरात ऐकलेले आहे.

भाऊपणातून भांडण आणि धाक हे दोन्ही निघतात, म्हणून एक प्रश्न विचारावासा वाटतो. भाऊ चुकीच्या वाटेला लागला असेल तर त्याच्या पाठीशी उभे राहणे म्हणजे निष्ठा, की त्याच्यासमोर उभे राहणे? आणि जो समोर उभा राहतो त्याला गद्दार म्हणावे का?

धर्मपंडितांइतक्याच आग्रहाने हा प्रश्न आपल्याकडे हिंदी सिनेमाने विचारला आहे. मेहबूब खान यांच्या 'मदर इंडिया'त (१९५७) आई आपल्या पोटच्या पोरावर, बिरजूवर, गोळी झाडते. 'गंगा जमुना'मध्ये (१९६१) थोरला भाऊ राबून धाकट्याला शिकवतो, परिस्थितीमुळे स्वतः डाकू होतो आणि पोलीस झालेल्या त्याच धाकट्याच्या गोळीने मरतो. पडद्यावरचे ते भाऊ दिलीपकुमार आणि नासिर खान प्रत्यक्षातही सख्खे भाऊ होते. यश चोप्रा यांनी दिग्दर्शित केलेला आणि सलीम-जावेद यांनी लिहिलेला 'दीवार' १९७५ साली आला. त्याने हीच गोष्ट खेड्यातून मुंबईच्या बंदरावर आणली. आपल्या घरांत हा सिनेमा बहुधा विजयच्या ७८६ क्रमांकाच्या बिल्ल्यासाठी आणि तो क्रमांक समजावून सांगणाऱ्या रहीमचाचांसाठी लक्षात राहिला आहे. मला मात्र त्यातल्या दोन सह्या आठवतात. एक सही झाली, दुसरी झाली नाही.

पहिली सही वडिलांची. आनंदबाबू कामगारांचे पुढारी. संप चालू असताना मालक त्यांना बायकोमुलांच्या जिवाची धमकी देतो आणि ते मालकाच्या कागदावर सही करतात. ज्यांनी त्यांना डोक्यावर घेतले होते तेच कामगार त्यांना चोर ठरवतात. आनंदबाबू घर सोडून निघून जातात, उरलेले आयुष्य रेल्वेच्या डब्यांतून फिरत काढतात आणि शेवटी तिथेच मरतात. थोरल्या मुलाच्या, विजयच्या, हातावर लोक गोंदवून ठेवतात की त्याचा बाप चोर आहे.

दुसरी सही विजयची. स्मगलिंगच्या धंद्यात मोठा झालेल्या विजयसमोर पोलीस अधिकारी झालेला धाकटा भाऊ रवी कबुलीजबाबाचा कागद ठेवतो आणि सही मागतो. विजय म्हणतो, आधी त्या सगळ्यांच्या सह्या आण, ज्यांनी माझ्या बापाकडून सही घेतली, ज्यांनी माझ्या हातावर गोंदवले. रवीच्या उत्तराचा आशय असा की दुसऱ्यांनी पाप केले म्हणून तुझे पाप कमी होत नाही.

या दोन सह्या शेजारीशेजारी ठेवल्या की सिनेमाचा खरा पेच दिसतो. बापाने आपले छोटे कुटुंब वाचवण्यासाठी कामगारांच्या मोठ्या कुटुंबाचा घात केला. धाकट्या मुलाने समाजाच्या मोठ्या कुटुंबासाठी स्वतःच्या भावावर पिस्तूल रोखले. बापाला लोकांनी गद्दार म्हटले, मुलाला सरकारने पदक दिले. मग मोठ्यासाठी छोट्याचा बळी दिला की तो न्याय, आणि छोट्यासाठी मोठ्याचा दिला की ती गद्दारी, असा हिशेब आहे का? एवढा सोपा हिशेब असता तर विजय मरताना थिएटरात कुणाचे डोळे ओले झाले नसते.

मी उर्दू माध्यमाच्या शाळेत नववीला शिकवते. आमचे गाव यंत्रमागांचे. एकदा ही कथा वर्गात सांगून मी विचारले, विजय बरोबर की रवी? बहुतेक हात विजयसाठी वर आले. मला वाटले, मुले हिरोच्या बाजूने गेली. पण मागच्या बाकावरचा एक मुलगा, ज्याचा भाऊ रात्रपाळीला माग चालवतो, उभा राहून म्हणाला, "टीचर, रवीची फी किसने भरी थी?"

मुलाने नेमक्या जागी बोट ठेवले होते. मुंबईत आल्यावर आई बांधकामावर राबते आणि विजय लहानपणीच बूटपॉलिश करायला लागतो, तो रवीला शाळेत जाता यावे म्हणून. रवीचे अक्षर, रवीची पदवी, रवीचा गणवेश यांच्या पायाशी विजयचे हरवलेले बालपण आहे. आपल्या वस्त्यांतून अशी घरे दाखवायला दूर जावे लागत नाही. एक भाऊ गॅरेजमध्ये, एक मागावर आणि तिसरा कॉलेजात. तिसऱ्याच्या निकालाच्या दिवशी पहिले दोघे पेढे वाटतात. पुढे शिकलेल्या भावाला थोरल्यांच्या वागण्यात काही गैर दिसले तर त्याने बोलायचे कोणत्या तोंडाने?

उत्तर शोधताना मला उर्दूतल्या दोन शब्दांचा आधार वाटतो. विश्वासघाताला आपण 'खयानत' म्हणतो आणि त्याचा उलट शब्द आहे 'अमानत'. म्हणजे आधी कुणी काही सोपवलेले असल्याशिवाय खयानत होऊच शकत नाही. एखाद्याला गद्दार ठरवण्यापूर्वी विचारले पाहिजे की त्याच्याकडे काय सोपवले होते, कुणी आणि कशासाठी.

रवीकडे कुणाकुणाच्या अमानती होत्या? कायद्याने गणवेश दिला होता. आईने संस्कार दिले होते. आणि विजयने शिक्षण दिले होते. पण शिक्षण सोपवताना विजयने, तू मोठा हो आणि माझ्या गुन्ह्यांवर पांघरूण घाल, अशी अट घातली नव्हती. पॉलिशचा डबा घेऊन बसलेल्या त्या पोराला एवढेच हवे होते की आपल्या भावाने माणसासारखे जगावे. ते शिक्षण पुढे डोळेझाक करण्यासाठी वापरणे हीच त्या पोराच्या कमाईची खयानत ठरली असती. फीचे ऋण खरेच आहे. ते फिटते भावासाठी वेळ, पैसा, मेहनत, झोप खर्च करून. खोटी साक्ष देऊन ते फेडता येत नाही.

रवीला हे एकदम कळत नाही, हे सिनेमाचे मोठेपण आहे. भावाची केस घ्यायला तो आधी नकार देतो. मग एका पळणाऱ्या पोरावर तो गोळी झाडतो आणि पाहतो तर पोराने चोरलेली असते भाकरी. खायला घेऊन तो त्या घरी जातो. पोराचा बाप निवृत्त शिक्षक. ए. के. हंगल यांनी ती छोटी भूमिका केली आहे. मुलाची आई चिडून बोलते, पण म्हातारा शिक्षक म्हणतो की चोरी लहान असो वा मोठी, चोरीच असते. ज्याच्या मुलाला गोळी लागली तो हे बोलतो आणि मग रवीला स्वतःच्या भावाची केस नाकारता येत नाही. भाकरी चोरणाऱ्यावर चाललेले पिस्तूल सोने आणणाऱ्यासमोर खाली झुकले, केवळ तो आपला म्हणून, तर त्या पिस्तुलाला कायदा म्हणता येणार नाही. सूरह निसाच्या १३५ व्या आयतीतही हाच आदेश आहे. स्वतःच्या, आईबापाच्या वा नातलगांच्या विरोधात जावे लागले तरी न्यायावर ठाम राहून साक्ष द्या, आणि समोरचा श्रीमंत आहे की गरीब हे पाहू नका.

तरी प्रश्न उरतो. गद्दारही भावाच्या विरोधातच जातो. मग रवीत आणि गद्दारात फरक काय?

मला तो फरक अंधार आणि उजेडाचा वाटतो. हजरत यूसुफ यांचे भाऊ त्यांना खेळायला नेतो म्हणून घेऊन गेले आणि त्यांनी त्यांना विहिरीत टाकले. बापाकडे ते रात्री आले, रडत आले, आणि सदऱ्याला खोटे रक्त लावून आले. रात्र, खोटे अश्रू, खोटा पुरावा: दगलबाजीची सगळी लक्षणे तिथे आहेत. रवी काय करतो? भावाच्या घरात, आईसमोर कागद ठेवतो. मी तुझ्या विरोधात आहे, हे तोंडावर सांगतो. विजयच्या बंगल्यातून आईसह बाहेर पडतो, म्हणजे त्या पैशाचे सुखही ठेवत नाही. भावाला पाठीत वार करायला लावणारी गोष्ट भीती असते किंवा लोभ. समोर उभे राहायला लावणारी गोष्ट वेगळी असते, आणि तिची किंमत उभा राहणाराच मोजतो.

याची दुसरी बाजू विधु विनोद चोप्रा यांच्या 'परिंदा'त (१९८९) दिसते. तिथला थोरला, किशन, धाकट्याला वाढवण्यासाठी गुंडांच्या टोळीत शिरतो, त्याला शिकायला अमेरिकेला पाठवतो आणि आपण काय करतो हे त्याच्यापासून लपवतो. त्याचे प्रेम खरे आहे, पण ते लपवाछपवीवर उभे आहे. तो अंधारच शेवटी करणला गिळतो आणि लग्नाच्या रात्री करण व त्याची बायको मारले जातात. भावाला वाचवण्यासाठी धरलेले मौन भावालाच पुरले नाही.

हजरत पैगंबरांची (स.) एक प्रसिद्ध हदीस बुखारीत आहे. तिचा आशय असा की भाऊ जालीम असो वा मजलूम, त्याला मदत करा. सोबत्यांना प्रश्न पडला की मजलूमाला मदत समजते, जालीमाला कशी करायची? उत्तर मिळाले, त्याला जुलमापासून रोखा, त्याचा हात धरा. अरबस्तानातल्या टोळ्यांत 'भाऊ कसाही असो, त्याच्या बाजूने' हा नियम होता. शब्द तसेच ठेवून त्याचा अर्थ उलटा करणारे हे उत्तर आहे. भावाची बाजू घ्यायचीच आहे, पण बाजू घेणे म्हणजे त्याचा उगारलेला हात धरणे.

हे सारे पडद्यापुरते असते तर एवढा ऊहापोह करण्याचे कारण नव्हते. स्मगलर भाऊ आणि पोलीस भाऊ किती घरांत असतात? पण वडिलांचे घर आणि जमीन वाटायची असते तो दिवस मात्र प्रत्येक घरात येतो. कुराणने मुलीला मुलाच्या निम्मा वाटा ठरवून दिला आहे. तो भावांची मेहरबानी नाही, तिचा हक्क आहे. प्रत्यक्षात काय घडते ते आपण जाणतो. लग्नात खर्च झालाच की, असे म्हटले जाते. माहेर हवे की वाटा, असे सुचवले जाते. मग हक्कसोडपत्र पुढे येते आणि बहीण सही करते. 'तिने राजीखुशीने माफ केले,' असे बाहेर सांगितले जाते. जिवाच्या धमकीने घेतलेली आनंदबाबूंची सही आपल्याला जुलूम वाटते. माहेर तुटण्याच्या भीतीने घेतलेली बहिणीची सही आपल्याला रिवाज वाटतो.

अशा वेळी चार भावांतला एखादा म्हणतो, नाही, तिचा वाटा काढा. त्या क्षणी तो घरातला गद्दार ठरतो. बायकोच्या सांगण्यावरून बोलतो, चार बुके शिकला म्हणून उडतो, बापाच्या इस्टेटीचे तुकडे करतो, असे त्याला ऐकवले जाते. तो तिघांच्या विरोधात गेला असे सगळ्यांना दिसते. आपल्या तीन भावांचे हात दुसऱ्याच्या हक्कावर पडण्यापूर्वी त्याने धरले, हे कुणाला दिसत नाही. माझ्या मते त्या घरात खरा भाऊ तोच, बहिणीचा आणि त्या तिघांचाही.

मात्र हात धरणे म्हणजे गोळी घालणे नव्हे, हेही 'दीवार'नेच दाखवले आहे. अनिता आई होणार हे कळल्यावर विजय स्वतःला पोलिसांच्या हवाली करायला तयार झालेला असतो. रवीने समोर ठेवलेला कागद उशिरा का होईना, त्याच्यापर्यंत पोहोचत होता. पण टोळीवाले अनिताला मारतात आणि उरतो तो सूड. शेवटी भावाच्या पाठीमागे धावणाऱ्या रवीच्या हातात धरायला काही राहत नाही, पिस्तूल तेवढे राहते. हात धरण्याची वेळ फार आधीची असते. पॉलिशच्या डब्याशेजारी, गोंदवलेल्या हाताशेजारी तेव्हा कुणी बसले असते तर! तेव्हा तो हात कायद्याने धरला नाही, कामगारांनी धरला नाही, आणि धरायला हवा होता तो बाप गाडीत बसून निघून गेला होता. पदक देणाऱ्यांनी हा हिशेबही मांडायला हवा.

त्या आईकडे पाहावे. निरुपा रॉयने साकारलेली ती आई रवीच्या हाती पिस्तूल देताना त्याचा हात थरथरू नये अशी दुआ देते, आणि मग विजयची वाट पाहायला देवळात जाऊन बसते. यात मला विसंगती दिसत नाही. एकाला कर्तव्यासाठी पाठवून दुसऱ्यासाठी मांडी मोकळी ठेवणे, हे तिने एकाच दिवशी केले. आपल्यातला कुणी चुकला तर त्याला तोंडावर सांगणारे हवेत आणि तो परतला तर त्याला जवळ घेणारेही हवेत. बिरादरीत पहिल्यांना गद्दार म्हणायचे आणि दुसऱ्यांना भोळे म्हणायचे, असे चालले तर भाऊबंदकीला मराठीत आज जो अर्थ आहे तोच कायम राहील.