फौज ‘बहाल’ होते तेव्हा

लष्कर काढून घेतलेल्या मुलखात ते पुन्हा आणून बसवणे, यासाठी मराठीत सुटसुटीत क्रियापद नाही. ‘पुनर्लष्करीकरण’ कागदावरच शोभते. आपल्या घरांत मात्र ‘बहाल करणे’ बोलले जाते. फारसी ‘ब-हाल’, म्हणजे होते त्या हालतीत. आम्हाला खटकते ते इथेच. मूळची हालत कोणती, हे ठरवायचे कोणी?

1919 च्या व्हर्सायच्या तहाने ऱ्हाईनलँडमध्ये जर्मन फौजेला मनाई होती. 7 मार्च 1936 रोजी हिटलरने तह मोडून ती तिथे आणली आणि सार्वभौमत्व बहाल झाल्याचे जाहीर केले. कोलोनमध्ये सैनिकांवर फुले उधळली गेली. त्याच शहरातल्या ज्यूंचे नागरिकत्वाचे हक्क आदल्या वर्षीच्या कायद्याने गेले होते. त्यांच्यासाठी सरकारने हे क्रियापद वापरले नाही.