अभंग नेमका कुठं असतो?

रिठद गावच्या भजनात मी पेटी धरतो. नामदेवांचा ‘तीर्थ विठ्ठल’ निघाला की पोरांना राम फाटकांची चाल हवी, भीमसेन जोशींनी गायलेली. म्हातारे टाळकरी आपल्या जुन्या वळणावर अडून बसतात. मग खरी रचना कोणती? नामदेवांचे शब्द उरले, चाल कोणी लिहून ठेवली नाही. शास्त्रीय संगीतात मात्र भातखंड्यांनी क्रमिक पुस्तकमालिकेत शेकडो बंदिशी स्वरलिपीत उतरवल्या. तरी मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, कागदावर अर्धीच येते, अन् पेटीवर तर मुळीच नाही! माझं म्हणणं, छंद आणि धृपदाकडे परतणं टिकलं की चाल बदलूनही अभंग तोच. ख्यालाचं तसं नाही. राग बदलला की बंदिश गेली. मृदंगवाले म्हणतात, “ते राहू द्या भाऊ, आधी काळी दोनचा सूर धरा.”