मोठ्याचं मटण आणि पाहुण्याचं ताट



रविवारच्या मिस्सानंतर आपल्यापैकी काहींच्या घरी एक झटपट पदार्थ होतो. मांसाच्या पातळ फिती धाग्याला आडव्या कापायच्या, आले-लसूण, मिरपूड व सोया सॉस लावून अर्धा तास ठेवायच्या आणि कढई चांगली तापली की मोठ्या आचेवर थोड्या थोड्या परतायच्या. सगळ्या एकदम टाकल्या तर पाणी सुटते आणि मांस चिवट होते. मग गाजर, फरसबी, ढोबळी मिरची. मांस अर्थात म्हशीचे. आपल्या राज्यात मार्च २०१५ पासून गाईबरोबर बैल व वळू यांच्या कत्तलीवरही बंदी आहे. म्हैस-रेडा त्या बंदीत नाही. म्हणजे कायद्याची अडचण नाही. धर्माचीही नाही. बाहेरून आत जाणारे अन्न माणसाला अशुद्ध करीत नाही, हे प्रभू येशूने सांगितल्याचे संत मार्कच्या शुभवर्तमानात, सातव्या अध्यायात आपण वाचतो.

तरीही शेजारीण विचारते, "आज काय केलंय?" आणि आपण चटकन म्हणतो, "मटण." आपसात "मोठ्याचं" म्हणतो, तेही हळू आवाजात.

शेजाऱ्यांच्या भावना पोकळ नाहीत, हे आधी मान्य करू. सातारा-सांगलीकडे बेंदराला बैलाला धुतात, शिंगे रंगवतात, पुरणपोळी खाऊ घालतात. ज्याने वर्षभर रान नांगरले त्याच्याविषयीची ती कृतज्ञता आहे. ताटातले मांस म्हशीचे की बैलाचे, हा फरक सगळेच करीत बसत नाहीत.

संत पौलापुढे असाच पेच होता. करिंथच्या बाजारात मूर्तीला वाहिलेल्या जनावरांचे मांसही विकायला येई. इ. स. ५५च्या सुमारास लिहिलेल्या पहिल्या पत्राच्या दहाव्या अध्यायात तो सांगतो की, बाजारात मिळते ते चौकशी न करता खा. पण कोणी 'हे वाहिलेले आहे' असे सांगितले, तर त्याच्या विवेकासाठी खाऊ नका. यावरून काहीजण म्हणतात, शेजाऱ्यांना खपत नाही तर आपण सोडूनच द्यावे. मला हे पटत नाही. पौलाला काळजी आहे ती दुसऱ्याच्या विवेकाची, नापसंतीची नव्हे. वास आवडत नाही म्हणून कोणाचा विवेक दुखावत नाही. खिडकी लावावी, बेंदराच्या दिवशी कढई चढवू नये, एवढा शेजारधर्म पुरे. मात्र तोच शेजारी आपल्या पंक्तीला बसला आणि मटण म्हणून आपण त्याला हे वाढले, तर त्याने जे कधीच केले नसते ते आपण त्याच्याकडून करवून घेतले. गुड फ्रायडेला कोणी आपल्याला सोयाबीनची भाजी म्हणून खिमा वाढला आणि नंतर हसला, तर आपल्याला कसे वाटेल?

यावर कोणी म्हणेल, खरे सांगायला भीती वाटते. ती खोटी नाही. २०१५ साली उत्तर प्रदेशात दादरीजवळ, घरात गोमांस असल्याच्या अफवेवरून जमावाने एका माणसाचा जीव घेतला. ज्याला जाणून घेण्याचा हक्क नाही त्याला सत्य उघड करण्याचे बंधन नाही, असे ख्रिस्तसभेची धर्मशिकवणही सांगते. जिन्यात उभे राहून चौकशी करणाऱ्याला आपल्या कढईचा हिशेब द्यायला नको. "जेवण झालं का तुमचं?" एवढे विचारून आत यावे. पण ताटावर बसलेल्याला तो हक्क आहे.

आणि भीतीच्या खाली आणखी एक गोष्ट असते, लाज. आपल्यातील कित्येक घराण्यांच्या मागे गावकुसाबाहेरचे दिवस आहेत. मेलेले जनावर ओढायचे, त्याचेच मांस खायचे, वर त्याबद्दल हिणवून घ्यायचे. १९२७ साली महाडला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मृत जनावरांचे मांस सोडण्याचे आवाहन केले ते या लाचारीविरुद्ध. स्वतःच्या कमाईने दुकानातून आणलेले ताजे मांस म्हणजे ती लाचारी नव्हे. तरी नाव घेताना जीभ अडखळते, आणि मुले ते पाहतात.

त्यांच्या डब्याचेच बघा. "कोणी विचारलं तर मटण सांग," असे आई सकाळी बजावते. वर्गात डबे एकत्र खातात. मित्राने हात घातला तर दहा वर्षांच्या पोराने काय करायचे? माझ्या मते हा पदार्थ डब्यात देऊच नये. चपाती-भाजी द्यावी, आणि कढईतले संध्याकाळी घरी सगळ्यांनी मिळून खावे.